अतिकामतः

माणूस गेला की त्याच्याबद्दल चांगलं बोलावं, अशी आपल्याकडे रीत आहे. नेवरेकर डॉक्टर गेल्याचं कळलं तेव्हा त्या रीतीला धरून मी थोडा वेळ स्वस्थ बसले आणि त्यांच्यातलं चांगलं काय ते आठवू लागले. वक्तशीर होते. विडीकाडीचं व्यसन नव्हतं. कुणाची दिडकी खाल्ली नाही. एवढं झाल्यावर मी चहा टाकायला उठले, कारण पुढे काही आठवेना. चहा उकळेपर्यंत मला असंही वाटू लागलं की, त्यांनी थोडी लाच खाल्ली असती तर फार बरं झालं असतं. लाच खाणाऱ्याला निदान ठाऊक असतं की आपण खोटं बोलतो आहोत.

मुलींच्या शाळेवर मास्तरीण म्हणून मी शहापूरला आले ती छत्तीस सालाच्या सुमारास. आसनगावला गाडीतून उतरायचं आणि टांग्यानं शहापूर गाठायचं. एकट्या बाईला बिऱ्हाड कोण देणार? डॉक्टरांच्या घरामागची खोली मिळाली ती त्यांच्या पत्नीच्या, म्हणजे आमच्या वहिनींच्या शब्दामुळे. घर आणि सरकारी दवाखाना एकाच लांबलचक कौलारू इमारतीत होते, आणि तपासणीच्या खोलीची खिडकी माझ्या न्हाणीच्या बोळात उघडायची. त्या खिडकीशी मी कधी कान लावला नाही. लावायची गरजच नव्हती. डॉक्टर निदान सांगत नसत, दवंडी पिटत.

उंच, वाळका माणूस. वैशाखातही बंद गळ्याचा कोट. पत्र्याच्या डबीत कार्बोलिक साबणाची वडी असायची, आणि रोग्याला हात लावण्याआधी एकदा व लावून झाल्यावर एकदा असे ते हात धूत. यात वावगं काही नाही. पण हात लावायचा तर खरोखर लावावा ना! बाईमाणसाची नाडी पाहायची वेळ आली की ते तिच्या मनगटावर आपला घडी केलेला रुमाल टाकत आणि त्यावर दोन बोटं टेकत. रुमालावरून नाडी लागते का हो, असं मी एकदा वामन कंपाउंडरला विचारलं.

"नाडी कुठं बगतात बाई," वामन म्हणाला, "ते घड्याळ बगतात."

बोलण्याची सुरुवात ठरलेली. "शास्त्र असं सांगतं." वरण खारट झालं तरी शास्त्र काहीतरी सांगे. शास्त्र म्हणजे त्यांच्याजवळचं एक जाडजूड, चामडी बांधणीचं इंग्रजी पुस्तक. कॉलेज सोडल्यानंतर त्यांनी दुसरं पुस्तक विकत घेतलं नाही, आणि हेही सगळं वाचलं असेल असं मला वाटत नाही, कारण पानं जिथे मळली होती तो भाग एकच होता. बायकांच्या मनोविकारांचा.

त्याच भागातल्या एका शब्दानं त्यांना वेड लावलं होतं. कामवासना प्रमाणाबाहेर वाढलेल्या बाईच्या वागण्याला इंग्रजीत काहीतरी लांबलचक क्रियाविशेषण होतं. मराठीत त्याला शब्द नाही, याचं डॉक्टरांना फार वाईट वाटे. एका रविवारी ते माझ्या दारात आले. आत येत नसत, उंबऱ्याबाहेर छत्री टेकून उभे राहत.

"तुम्ही मराठी शिकवता म्हणून विचारतो," ते म्हणाले. "अतिकामतः. कसा वाटतो?"

मी म्हटलं, शब्द शुद्ध आहे, पण लावणार कुणाला?

"हीच तर तुमची चूक, बाई. मी कुणाला लावत नाही. विशेषण माणसाला चिकटतं, क्रियाविशेषण कृतीला. मी कुठल्याही स्त्रीला नावं ठेवत नाही. ती अतिकामतः वागते, एवढंच नमूद करतो."

या बारकाव्यावर ते इतके खूश झाले की छत्री विसरून गेले. मी ती वहिनींकडे पोचती केली.

त्यानंतर तो शब्द खिडकीतून आठवड्यातून एकदा तरी ऐकू येऊ लागला. कुणाला झोप येत नाही, अतिकामतः. कुणाला घेऱ्या येतात, अतिकामतः. नवरा मुंबईला गिरणीत आणि बायको इथं सासूशी भांडते, तर अतिकामतः. बाजारात भाजी विकणारी गंगू म्हणून एक पन्नाशीला आलेली बाई होती. अंगाची लाही होते, मधेच घाम फुटतो, म्हणून ती दवाखान्यात आली. त्या वयाची कुठलीही बाई तिला सांगू शकली असती की बये, हे असंच असतं, जातं आपोआप. पण गंगू मोठ्यानं हसायची, गिऱ्हाइकांची थट्टा करायची, आणि डॉक्टरांनी हे बाजारातून जाता-येता पाहिलेलं होतं. शास्त्रानं लगेच सांगितलं. ब्रोमाइडचं गुंगी आणणारं मिक्श्चर, थंड पाण्याची अंघोळ, आणि कांदा, लसूण व सुकट बंद.

"सुकट बंद केलीत डागतर," गंगूचा आवाज माझ्या न्हाणीपर्यंत आला, "मंग भात कशासंगं खाव? भातासंगं?"

त्या बाटलीनं गंगूला दुकानात बसल्या बसल्या डुलक्या येऊ लागल्या. एकदा गाईनं तिची अर्धी कोथिंबीर खाल्ली तरी तिला जाग आली नाही. तिनं बाटली ओढ्यात फेकली, सुकट आणली, आणि पुढे काही महिन्यांत तिचा घाम आपोआप थांबला. डॉक्टरांनी तो आपल्या औषधाचा गुण मानला.

आता हा शब्द बाप्यांच्या बाबतीत कधी ऐकू आला का? तालुक्यातले एक बडे जमीनदार दवाखान्यात येत. त्यांचं एक घर शहापुरात आणि अशीच आणखी घरं कुठे कुठे, हे गावात शेंबड्या पोरालाही ठाऊक. त्यांना जो रोग होता तो कशानं होतो, हेही ठाऊक. त्यांच्यासाठी डॉक्टर खुर्ची पुढे करत, रुमालाशिवाय नाडी पाहत आणि खालच्या आवाजात बोलत. खालचा आवाज त्यांच्याजवळ होता, हे मला त्या दिवशी समजलं. जमीनदार गेल्यावर मी बोळातून सरळ विचारलं, "डॉक्टर, आज तो शब्द नाही वापरलात?"

"पुरुषाच्या बाबतीत ती भूक असते," ते हात धूत म्हणाले. "भूक म्हणजे रोग नव्हे."

"आणि बाईच्या बाबतीत?"

"अपचन."

हे बोलताना त्यांच्या चेहऱ्यावर थट्टेचा लवलेश नव्हता. त्यांना थट्टा येतच नव्हती, आणि दुसऱ्यानं केलेली चालत नव्हती. त्या क्षणापासून माझ्या मनातून तो माणूस जो उतरला तो उतरलाच.

वहिनींबद्दल सांगायला हवं. बाई गोरीपान, हसतमुख असावी अशा चेहऱ्याची, पण कधी हसत नसे. चालताना पाय ओढायची, बोलताबोलता गप्प व्हायची आणि काय बोलत होते असं विचारायची. मी समजत असे की स्वभावच मंद. एकदा आम्ही दोघी कुरडया घालत होतो. माझ्या शाळेतल्या एका पोरीची काहीतरी गंमत मी सांगितली. वहिनींचे ओठ हलले, आणि त्यांनी चटकन पदर तोंडाला लावून दवाखान्याच्या दाराकडे पाहिलं.

"मीही घेते हो ती बाटली," त्या एकदम म्हणाल्या. "लग्न झालं त्या वर्षापासून."

वहिनींच्या माहेरच्या गावी दशावतार होता. नवी नवरी पुढे बसली होती. संकासुराचा नाच पाहून ती पोटभर हसली, बायका हसतात तशीच, जराशी जास्त. नवरा मागे उभा होता. घरी आल्यावर त्यानं पुस्तक उघडलं. शब्द तेव्हा झाला नव्हता, बाटली मात्र तयार होती. शब्द नंतर आला इतकंच. मला वाटतं, शब्दाची गरजच त्यांना त्या बाटलीसाठी लागली असावी.

"सोडून द्या ती," मी म्हटलं.

"आता सोडून काय करू?" वहिनी म्हणाल्या आणि पुन्हा सोऱ्या दाबायला लागल्या.

पुढे माझी मुरबाडला बदली झाली, आणि माझं नशीब असं की पाठोपाठ डॉक्टरही बदलून तिथंच आले, वामनही आला, आणि वहिनींच्या आग्रहानं मी पुन्हा त्यांच्या शेजारी, पुन्हा दवाखान्याच्या खिडकीखालचा बोळ माझ्या वाट्याला. लढाईचे दिवस होते. कल्याणची सर्व्हिस मोटार कोळशाच्या गॅसवर चालायची आणि चढ आला की उतारूंनी खाली उतरून ढकलायची. डॉक्टर मात्र आत बसून राहत.

मुरबाडला त्यांना हिरी भेटली. खरं म्हणजे हिरीला ते भेटले. तिच्या आयुष्यात एवढं एक झालं नसतं तर बरं झालं असतं.

धसईच्या वरच्या अंगाला, डोंगराकडच्या एका वाडीतली ती कुळवाड्याची सून. वीस-एकवीसची, काळीसावळी, ताठ मानेची. थान सुजून ताप आला म्हणून पाठीशी पोर बांधून चालत दवाखान्यात आली. सोनी नाव त्या पोरीचं, नुकती पाऊल टाकायला लागलेली. गळू फोडून झालं. मग डॉक्टरांनी सवयीप्रमाणे विचारलं, नवरा कुठे आहे?

"सोडलाय त्याला," हिरी म्हणाली. "येत्या बाजारला पंच बसतील, काडीमोड हाय माझी."

इथं मला थोडं थांबून सांगायला हवं. त्या वाड्यांमध्ये काडीमोडीला बदनामी नव्हती. पटेना तर पंचांपुढे बसायचं, आपलं कारण आपल्याच तोंडानं सांगायचं, गवताची काडी मोडायची आणि मोकळं व्हायचं. बाईला दुसरा पाट लावायची मुभा होती. कारण मात्र उघड सांगावं लागे. आडपडदा ठेवला तर पंच रागावत, पोटात ठेवायचं होतं तर आमाला कशाला बोलावलंस, असं म्हणत. म्हणून बायका आपलं कारण आधी घोकून ठेवत. पोराबद्दलही एकच नियम होता. अंगावर पिणारं पोर आईचं, सुटलेलं बापाचं. यावर कधी वाद होत नसे.

तेव्हा डॉक्टरांनी कारण विचारल्यावर हिरीनं जे घोकलं होतं तेच सांगितलं. "तो मारीत नाय, उपाशी ठेवीत नाय. पन माझ्याजवल येत नाय. ही पोर झाली तेवढंच. मी दगडासंगं किती दिस राहू? मला नवरा पायजे."

डॉक्टरांनी पुन्हा विचारलं. तिला वाटलं यांना कमी ऐकू येतं, म्हणून तिनं तेच मोठ्यानं सांगितलं. बाहेरच्या बाकावरच्या रोग्यांनी माना डोलावल्या. कुणालाही त्यात वावगं वाटलं नाही. डॉक्टरांच्या हातून मात्र साबणाची डबी खाली पडली. आजवर त्यांनी लक्षणं ओढून ताणून काढली होती, आणि आज रोगी स्वतः बोलत होती! पंचांसाठी घोकलेलं कारण त्यांनी रोगाचं लक्षण म्हणून उचललं. शब्द दोनदा जाहीर झाला. वामननं तो संध्याकाळपर्यंत बाजारात नेला, आणि बाजारातून तो हिरीच्या सासऱ्यापर्यंत पोचला.

सासरा राघो पाटील. त्याला सून नको होती, नात हवी होती. चार वर्षांत गुरांमागं जाणारी, पुढे लग्नात नवऱ्यामुलाकडून देज, म्हणजे रोख पैसा, आणणारी पोर फुकट कोण सोडील? तो तांदूळ आणि कोंबडा घेऊन डॉक्टरांकडे आला. डॉक्टरांनी दोन्ही परत पाठवलं आणि पंचांपुढे यायचं कबूल केलं. "शास्त्राची साक्ष विकत मिळत नाही," असं म्हणाले. ती फुकट मिळते आणि जास्त महाग पडते, हे त्यांना कोण सांगणार?

धसईचा बाजार होता. डॉक्टर बैलांची दमणी करून निघाले, मीही तांदूळ घ्यायच्या निमित्तानं त्यात बसले. बाजाराच्या मागे चिंचेखाली पंच बसले होते. मी बायकांत जाऊन बसले. डॉक्टरांसाठी एका दुकानदारानं खुर्ची आणून दिली. म्हातारा बुधाजी पंचांचा मुख्य. त्यानं हिरीला विचारलं, तिनं कारण सांगितलं, अक्षरही न बदलता. तिचा नवरा पांडू मान खाली घालून म्हणाला, "खरं हाय ती बोलते ते. मोडा काडी." तो बिचारा बापापुढे तोंड न उघडणारा, पण खोटं न बोलणारा माणूस होता. काडी मोडली. सगळं तिथंच संपायचं.

तेवढ्यात राघो उभा राहिला. "पोर नाय द्याची. ती रोगी हाय. डागतर सांगतील."

डॉक्टर उठले, कोटाची गुंडी तपासली आणि शब्द उच्चारला. कुणाला काही कळलं नाही. कळू नये असाच तो होता.

"म्हंजी काय हो?" बुधाजीनं विचारलं.

"कामवासना मर्यादेबाहेर गेलेली."

"मर्यादा किती धरायची?"

"ती शास्त्रानं ठरवलेली आहे."

"ठरवलीच आसंल. पन किती?"

बायकांमध्ये खसखस पिकली. डॉक्टर कानापर्यंत लाल झाले. मला वाटलं, सुटली पोरगी. पण बुधाजी थट्टा करत नव्हता. त्याची स्वतःची नातवंडं देवीच्या साथीत गेली होती, आणि डॉक्टर रोग म्हणतो म्हणजे काहीतरी असणार, एवढंच त्याच्या मनात होतं. त्यानं हळूच विचारलं, "बरं, ह्यो रोग दुधातून पोरीला जातोय का?"

मी डॉक्टरांकडे पाहत होते. त्यांना उत्तर माहीत नव्हतं. त्यांच्या पुस्तकात असं काही नव्हतं, असूच शकत नव्हतं. माहीत नाही, एवढं म्हणायचं होतं. त्या खुर्चीवर बसून हे दोन शब्द उच्चारण्याइतकी त्या माणसाची छाती नव्हती.

"जाऊ शकतो," ते म्हणाले.

मग बुधाजीनं निवाडा दिला. डॉक्टर बरी झाली म्हणतील तोवर पोर आजीजवळ. बरी झाली की आईची. सासूनं पुढे होऊन सोनीला उचललं. पोरगी आईच्या लुगड्याचा काठ मुठीत धरून होती, तो सोडवावा लागला.

हिरी रडली नाही. ती सरळ डॉक्टरांपुढे येऊन उभी राहिली. "दवा हाय का ह्याला? आसंल तं द्या. मी पीन. मंग पोर द्याल ना?"

त्या दिवसापासून प्रत्येक बाजाराला ती माहेरच्या वाडीवरून मुरबाडला चालत येऊ लागली. दवाखान्याची रीत अशी की बाटली घरून आणायची. ती एरंडेलाची जुनी बाटली घासून पुसून आणायची, वामन तिच्यावर मात्रांच्या खुणांचा कागद चिकटवून औषध भरायचा. ती एक थेंब सांडत नसे. तिला एकच धास्ती होती, दूध आटेल. दूध आटलं की सोनी अंगावरची राहिली नाही, आणि मग बरी होऊन उपयोग काय? म्हणून ती वाडीतल्या एका बाळंतिणीचं पोर पाजायची. पण शब्द तिच्या आधी वाडीत पोचला होता. दुधातून रोग जातो, डॉक्टर बोलले. त्या बाळंतिणीनं पोर काढून घेतलं. मग हिरी येताना वाटेत बांधावर बसायची आणि दूध मातीत पिळून टाकायची. हे तिनं मला आमच्या ओट्यावर बसून सांगितलं. "रोज काडलं तं ऱ्हातं ना, बाई?"

आणि डॉक्टर काय करत? प्रत्येक वेळी तोच प्रश्न विचारत. "मनात पुरुषाचा विचार येतो का?"

"येतो," हिरी सांगे. "धर्मा हाय ना. त्याच्यासंगं पाट लावायचाय मला."

"अजून आहे," डॉक्टर वामनला म्हणत आणि बाटली पुन्हा भरली जाई.

असं बरेच बाजार चाललं. शेवटी मी तिला गाठलं आणि म्हटलं, "अगं, नाही म्हण. त्यांना तेवढंच ऐकायचं आहे."

"खोटं बोलू?"

"पोरीसाठी बोल."

पुढच्या बाजाराला ती खाली मान घालून म्हणाली, "नाय येत."

मी बोळात उभी होते. आता सुटेल, असं मला वाटलं. मग डॉक्टरांचा आवाज आला, अतिशय समाधानी. "लपवते आहे. लपवणं हे याचं पुढचं लक्षण. मात्रा वाढवा."

हो म्हटलं तर रोग, नाही म्हटलं तर वाढलेला रोग! मी आयुष्यात बरीच मूर्ख माणसं पाहिली, शाळाखात्यात तर ती पोत्यानं मिळतात. पण मूर्खपणाला इतकी पक्की कडी लावून आत बसलेला माणूस दुसरा पाहिला नाही.

वाढवलेल्या मात्रेनं हिरीच्या तोंडावर पुळ्या उठल्या, काळे डाग पडले. ताठ मान कलली. ओट्यावर बसली की ती बसल्या जागी झोपायची. प्रश्न विचारला तर उत्तर यायला वेळ लागायचा, आणि कधी यायचंच नाही. वहिनी दारातून तिच्याकडे पाहत उभ्या राहत. एकदा त्यांनी तिला ताक दिलं आणि तिच्या डोक्यावरून हात फिरवला.

एका बाजाराला डॉक्टरांनी नेहमीचा प्रश्न विचारला. हिरी नुसती पाहत राहिली. पुरुष कोण, विचार कसला, हेच जणू तिच्या लक्षात येईना.

"बरी झाली," डॉक्टरांनी जाहीर केलं.

पंच पुन्हा चिंचेखाली बसले. डॉक्टरांना वेळ नव्हता, त्यांनी वामनकडून निरोप पाठवला. मी गेले होते. बुधाजीनं निरोप ऐकला, हिरीच्या तोंडाकडे पाहिलं आणि बराच वेळ काठीनं माती उकरत बसला. मग त्यानं विचारलं, "बाय, दूध हाय का गो?"

हिरीनं मान हलवली. नव्हतं.

"मंग पोर अंगावरची कुटं राह्यली?" म्हातारा म्हणाला. त्याला ते म्हणताना लाज वाटत होती, हे मी खात्रीनं सांगते. पण नियम त्याच्या आजोबांचा होता, आणि मोडायला त्याच्याजवळ इंग्रजी पुस्तक नव्हतं.

मी परतले आणि तडक डॉक्टरांपुढे जाऊन सगळं सांगितलं. ते हात धूत होते.

"तो त्यांच्या रूढीचा प्रश्न," ते म्हणाले. "वैद्यकीय भाग यशस्वी झाला."

मी त्याच आठवड्यात बिऱ्हाड बदललं.

हिरीनं बाटली दगडावर फोडली. हळूहळू तिची मान सरळ झाली. धर्मा थांबला होता, त्यानं तिच्याशी पाट लावला. म्हणजे शास्त्राप्रमाणे रोग उलटला म्हणायचा. तोंडावरचे डाग मात्र गेले नाहीत, आणि का कोण जाणे, तिला पुन्हा मूल झालं नाही. वहिनी एका हिवाळ्यात गेल्या. ताप साधाच होता, पण त्यातून उठायची त्यांची इच्छाच नसावी. वर्ष सरायच्या आत पन्नाशी उलटलेल्या डॉक्टरांनी दुसरं लग्न केलं. मुलगी अठराची, मावळतीकडच्या कुठल्याशा गरीब घरची. गावात कुणी शब्द काढला नाही. भूकच ती, रोग थोडाच होता!

डॉक्टरांना मी शेवटचं पाहिलं ते मुरबाडच्या मोटार स्टँडवर. नोकरी संपवून ते कायमचे गावी निघाले होते. बाजाराचा दिवस, ऊन रणरणतं. मोटारीच्या टपावर ट्रंका चढत होत्या. डॉक्टर कोट घालून सावलीत उभे, आणि नवी बायको शेजारी, हिरव्या लुगड्यात. तिला सगळ्याचंच अप्रूप वाटत होतं.

थोड्या अंतरावर हिरी करवंदांची पाटी घेऊन बसली होती. ती दर बाजाराला बसायची. करवंदं विकायला नव्हे, हे मला ठाऊक होतं. सासू बाजाराला नातीला घेऊन यायची, म्हणून. सोनी आता सहा-सात वर्षांची झाली होती, वेण्या घातलेली. ती पळत आली, हिरीसमोर उकिडवी बसली आणि ओंजळ पुढे केली. हिरीनं ती करवंदांनी भरली. "मावशी, अजून दे गो," सोनी म्हणाली. आजीनं तिला मावशी म्हणायला शिकवलं होतं. हिरीनं अजून दिली. पलीकडून हाक आली आणि पोरगी पळाली.

मोटारीचा क्लीनर टपावरून घसरून थेट पेंढ्यात पडला आणि डोक्याला पेंढा घेऊन तसाच उभा राहिला. सगळे हसले. डॉक्टरांची बायकोही हसली, तोंडावर पदर न घेता, अठरा वर्षांची पोर हसते तशी. डॉक्टरांनी तिच्याकडे वळून पाहिलं. ती नजर मी ओळखत होते. त्यांचे ओठ हलले. मग समोर डागांचा चेहरा त्यांना दिसला. तो त्यांनी ओळखला की नाही, देव जाणे. शब्द मात्र बाहेर आला नाही, आणि त्यांनी खिशातून साबणाची डबी काढून ती नुसतीच हातात धरली.

हिरी उठली. पानाचा द्रोण करवंदांनी भरून तिनं डॉक्टरांच्या बायकोच्या हातात ठेवला.

"घे, बाय," ती म्हणाली. "पन मोठ्यानं हसू नको गो. ह्यांच्याजवल दवा हाय त्याची."

पोरगी हसता हसता थांबली आणि डॉक्टरांच्या हातातल्या डबीकडे पाहू लागली. डॉक्टर मोटारीत चढले, आणि तिला मागून चढावं लागलं.